सहा जुने संगणक आणि सुट्टीतील प्रोग्रामिंगचा वर्ग

इंदूरच्या रामबाग भागातून एका निवृत्त शिक्षिकेचे पत्र आले आहे. त्या लिहितात : “आमच्या छोट्या वाचनालयात दर मे महिन्यात मुलांसाठी सुट्टीचा वर्ग भरतो. यंदा एका कार्यालयाने आपले जुने सहा संगणक आम्हाला दिले, म्हणून ९ ते १३ वयाच्या चौदा मुलांना स्क्रॅच, म्हणजे रंगीत ठोकळे जोडून प्रोग्रामिंग शिकवणारे सॉफ्टवेअर, शिकवावे असे ठरवले. चार संगणकांवर विंडोज सेव्हन आहे, त्यांत कोअर टू ड्युओ प्रोसेसर आणि दोन जीबी मेमरी आहे. उरलेले दोन त्याहून जुने, म्हणजे विंडोज एक्सपी, पेंटियम फोर आणि एक जीबी मेमरी असलेले. एक्सपीच्या संगणकांवर स्क्रॅचचे पान उघडतच नाही. सेव्हनच्या तीन संगणकांवर क्रोममध्ये पान उघडते, पण ‘वेबजीएल चालत नाही’ अशी सूचना येऊन काम थांबते. चौथ्यावर कोणतेही संकेतस्थळ उघडले तरी जोडणी सुरक्षित नसल्याचा इशारा येतो. दुरुस्तीला आलेले गृहस्थ म्हणाले की, हे भंगारात द्या आणि नवे घ्या. वाचनालयाकडे या कामासाठी सहा हजार रुपये आहेत. नातवाच्या लॅपटॉपवर स्क्रॅच छान चालते, पण चौदा मुले एका लॅपटॉपभोवती कशी बसवू? वर्ग रद्द करावा का?”

आदरणीय बाई, सादर नमस्कार.

वर्ग रद्द करू नका. आपण वर्णन केलेल्या सहा संगणकांपैकी एकही या कामासाठी निकामी नाही, आणि हे मी आपल्याला धीर देण्यासाठी लिहीत नसून, याहून कमी ताकदीच्या यंत्रांवर मुलांना शिकताना पाहिले आहे म्हणून लिहीत आहे. दुरुस्ती करणाऱ्या गृहस्थांचे म्हणणे एका अर्थाने खरे आहे : आजचे स्क्रॅच या संगणकांवर नीट चालणार नाही. परंतु त्यावरून संगणक भंगारात द्यावेत असे ठरत नाही. या संगणकांच्या काळात बनलेले स्क्रॅच त्यांच्यावर उत्तम चालते, ते मोफत आहे, आणि आपल्या मुलांना महिनाभरात जे शिकायचे आहे ते जवळजवळ सगळे त्यात आहे. फक्त आवृत्ती कोणती घ्यायची हे नीट ठरवावे लागेल.

आधी अडचण कोठे आहे ते पाहू. स्क्रॅच हे अमेरिकेतील एमआयटी या संस्थेच्या मीडिया लॅबमध्ये मिचेल रेझनिक यांच्या गटाने तयार केले आणि २००७ मध्ये ते सर्वांसाठी खुले झाले. त्यानंतर त्याचे अंतरंग दोनदा पूर्ण बदलले. पहिली पिढी, जिची शेवटची मोठी आवृत्ती १.४ ही २००९ मध्ये आली, ती स्क्वीक नावाच्या प्रणालीवर उभी होती. २०१३ ची दुसरी पिढी फ्लॅश या ब्राउझरमध्ये हलती चित्रे दाखवणाऱ्या तंत्रावर आधारलेली होती, आणि फ्लॅशचा आधार २०२० च्या अखेरीस त्याच्या निर्मात्यांनीच काढून घेतला. जानेवारी २०१९ मध्ये आलेली तिसरी पिढी आजच्या ब्राउझरच्या तंत्रावर चालते. आपल्या नातवाच्या लॅपटॉपवर जी दिसते ती हीच. पडद्यावरची मांजर, म्हणजे स्क्रॅचचे नेहमीचे पात्र, आणि तिच्यामागचा देखावा ती वेबजीएल या पद्धतीने, म्हणजे ग्राफिक्सच्या चिपकडून काढून घेते. कोअर टू ड्युओच्या काळातील कार्यालयीन संगणकांत बहुधा मदरबोर्डवरच बसवलेली साधी इंटेल चिप असते. ती पत्रे टंकण्यासाठी आणि हिशेबाच्या तक्त्यांसाठी पुरेशी होती, पण तिचे जुने ड्रायव्हर, म्हणजे तिला चालवणारी सॉफ्टवेअर, आजच्या ब्राउझरला विश्वासार्ह वाटत नाहीत आणि तो वेबजीएल बंद ठेवतो. त्यातच विंडोज सेव्हनवर चालणारी क्रोमची शेवटची आवृत्ती १०९ ही आहे, एक्सपीवरची ४९. त्यापुढची बसवताच येत नाही. याचा अर्थ असा की ती सूचना संगणक बिघडल्याची नाही आणि आपल्या हातून काही चुकले आहे असेही नाही.

म्हणून माझा पहिला आणि सर्वांत महत्त्वाचा सल्ला असा की सहाही संगणकांवर स्क्रॅचची १.४ हीच आवृत्ती बसवावी, ज्या चार संगणकांवर थोडे नवे काही चालवता येईल त्यांच्यावरसुद्धा. हिला ब्राउझर लागत नाही, इंटरनेट लागत नाही आणि ग्राफिक्सच्या चिपकडून विशेष काही लागत नाही, कारण पडद्यावरचे सारे चित्र ती प्रोसेसरकडूनच काढून घेते. तिच्या अटी वाचल्या तरी मन निवांत होते : विंडोज २००० किंवा त्यापुढचे, ८०० बाय ४८० बिंदूंचा पडदा आणि डिस्कवर सुमारे १२० एमबी मोकळी जागा. २०१२ मध्ये विक्रीला आलेल्या पहिल्या रास्पबेरी पाय या तळहाताएवढ्या संगणकात ७०० मेगाहर्ट्झचा प्रोसेसर आणि केवळ २५६ एमबी मेमरी होती, आणि त्याच्यासाठी दिलेल्या प्रणालीत स्क्रॅचची हीच आवृत्ती आधीपासून बसवलेली असे. आपल्याकडच्या सर्वांत जुन्या संगणकात त्याच्या चौपट मेमरी आहे.

हे सॉफ्टवेअर नातवाच्या लॅपटॉपवरून स्क्रॅचच्या अधिकृत संकेतस्थळावरूनच उतरवून घ्यावे आणि पेनड्राइव्हने सहाही ठिकाणी न्यावे. शोधयंत्रात नाव टाकले की फुकट सॉफ्टवेअर देणारी इतर पुष्कळ संकेतस्थळे वर येतात. त्यांच्या फायलींत नको ते सामान मिसळलेले असते, म्हणून तिकडे वळू नये.

या आवृत्तीत काय नाही, तेही आपल्याला आधी माहीत असलेले बरे. एका चित्राच्या चालू कार्यक्रमात अनेक प्रती काढण्याची सोय, जिला क्लोन म्हणतात, आणि स्वतःचा नवा ठोकळा बनवण्याची सोय या दोन्ही दुसऱ्या पिढीत आल्या, त्या येथे नाहीत. बाकी पुनरावृत्ती, अट, चल, याद्या, संदेश पाठवणे, प्रश्न विचारून उत्तर घेणे, आवाज नोंदवणे, चित्र रंगवणे हे सर्व आहे. लेखणीचे ठोकळे तर नव्या आवृत्तीत वेगळा विस्तार जोडल्यावर दिसतात, येथे ते पहिल्यापासून समोर असतात, आणि माझ्या मते सुरुवात करणाऱ्यांसाठी ही जुनी मांडणीच अधिक चांगली आहे.

सहाही संगणकांवर एकच आवृत्ती असावी असा आग्रह मी का धरतो, ते माझ्याच एका चुकीवरून सांगतो. एका वर्गासाठी मी घरी नव्या लॅपटॉपवर रात्री बसून बारा तयार नमुने केले होते. सकाळी ते वर्गातील जुन्या संगणकांवर नेले तेव्हा एकही उघडला नाही. नव्या स्क्रॅचची फाइल एसबी३ या प्रकाराची असते, १.४ ला फक्त एसबी प्रकार कळतो. उलट दिशेने मात्र वाट मोकळी आहे, म्हणजे जुन्यात केलेली फाइल नव्यात उघडते. त्या दिवशी मुले शांतपणे बसून होती आणि मी फळ्यावर ठोकळे काढत होतो. आपण नमुने तयार कराल ते वाचनालयातील संगणकावरच करा, नातवाच्या लॅपटॉपवर नव्हे.

आता तो चौथा संगणक, ज्यावर प्रत्येक संकेतस्थळ असुरक्षित दिसते. त्याच्या पडद्याच्या उजव्या खालच्या कोपऱ्यात तारीख काय दिसते ते कृपया पाहावे. मला जवळजवळ खात्री आहे की तेथे दहा-पंधरा वर्षांपूर्वीचे एखादे वर्ष असेल. प्रत्येक सुरक्षित संकेतस्थळाजवळ एक प्रमाणपत्र असते आणि त्यावर ते कधीपासून कधीपर्यंत ग्राह्य आहे ते नोंदलेले असते. ब्राउझर ती मुदत संगणकाच्या घड्याळाशी ताडून पाहतो. घड्याळ २००९ सालात असेल तर आजचे प्रमाणपत्र त्याला अजून सुरूच न झालेले वाटते आणि तो इशारा देतो. घड्याळ मागे जाण्याचे कारण बहुतेक वेळा मदरबोर्डवरचा रुपयाच्या नाण्याएवढा सेल असतो. संगणक बंद असताना घड्याळ चालू ठेवणे हे त्याचे काम. काही वर्षांनी तो संपतो. त्यावर सीआर २०३२ असे कोरलेले असते आणि घड्याळाच्या कोणत्याही दुकानात तो मिळतो.

तो बदलणे आपल्याच्याने सहज होईल. संगणक बंद करून वीज-तार भिंतीतून काढावी, पेटीचे बाजूचे झाकण उघडावे, आणि आत हात घालण्याआधी पेटीच्या उघड्या पत्र्याला क्षणभर बोट लावावे, म्हणजे अंगातील स्थिर वीज उतरून जाते. सेलच्या कडेला एक छोटी धातूची पट्टी असते, ती नखाने किंचित बाहेर ढकलली की सेल आपोआप वर उडतो. नवा सेल अधिकचे चिन्ह वर ठेवून बसवावा, संगणक सुरू करून तारीख-वेळ लावावी आणि वीज-तार रात्रभर काढून ठेवून सकाळी ती टिकली का ते पाहावे. उरलेल्या पाच संगणकांचे सेल आजच संपलेले नसले, तरी त्यांचेही वय तेच आहे. तेव्हा एकदम सहा घ्यावेत. मात्र चालू सेल काढला की आतील मूळ जुळण्याही (सेटिंग) पुसल्या जातात आणि क्वचित त्यामुळे विंडोज सुरू होताना अडखळते, म्हणून त्या पाच ठिकाणी आधी सेटअपचे, म्हणजे विंडोजच्या आधी उघडणारे या जुळण्यांचे, पडदे उघडून मोबाइलवर त्यांची छायाचित्रे काढून ठेवावीत.

घड्याळ सुधारल्यावर त्या संगणकावर संकेतस्थळे उघडू लागतील, परंतु मुलांच्या वर्गात कोणताही संगणक इंटरनेटला जोडू नये असे माझे स्पष्ट मत आहे. एक्सपीला सुरक्षा-सुधारणा मिळणे एप्रिल २०१४ मध्ये थांबले, सेव्हनला जानेवारी २०२० मध्ये. शिकवण्यासाठी जे लागते ते सर्व डिस्कवर असताना ही जोखीम पत्करण्याचे कारण नाही. पेनड्राइव्हच्या बाबतीतही एक शिस्त पाळावी : वर्गाचा एकच पेनड्राइव्ह ठेवावा, तो आपल्याकडे राहावा, आणि मुलांनी घरून आणलेला पेनड्राइव्ह या संगणकांना लावू नये. सायबर कॅफेतून फिरून आलेल्या एका पेनड्राइव्हने सगळ्या फायलींचे शॉर्टकट करून टाकलेले मी पाहिले आहेत, आणि त्यानंतर मुलांचे महिन्याचे काम परत मिळवताना फार वाईट वाटते.

सहा हजार रुपयांचे काय करावे, हे आपण विचारलेले नाही, पण माझ्या दृष्टीने तो या पत्रातील कळीचा विषय आहे. कोणीही जाणकार सांगेल की जुना संगणक वेगवान करायचा तर जुनी हार्ड डिस्क काढून एसएसडी, म्हणजे फिरते भाग नसलेली वेगवान डिस्क, बसवावी, आणि ते अगदी खरे आहे. एसएसडीने संगणक सुरू होण्याचा वेळ जितका कमी होतो तितका दुसऱ्या कशानेही होत नाही. तरी या वर्गासाठी मी पैसे आधी माउसवर खर्च करीन.

याचे कारण सांगतो. स्क्रॅचमध्ये मूल टंकत नाही, ते ठोकळा धरून ओढते आणि दुसऱ्या ठोकळ्याखाली सोडते. काही वर्षांपूर्वी मी मदतीला होतो त्या एका वर्गात दहा वर्षांची एक मुलगी ‘पुढे जा’ हा ठोकळा हिरव्या झेंड्याच्या, म्हणजे कार्यक्रम सुरू करणाऱ्या, ठोकळ्याखाली नेत होती आणि प्रत्येक वेळी तो निम्म्या वाटेत खाली पडत होता. तिने सहा-सात वेळा प्रयत्न केला, मग हात मांडीवर ठेवला आणि शेजारच्या मुलाला म्हणाली, “मला नाही येत हे, तूच कर.” मी तिचा माउस हातात घेतला. डाव्या बटणाखालची कळ झिजलेली होती. बोट दाबलेले असतानाही ती मध्येच क्षणभर सुटत होती. शेजारचा माउस लावून दिला आणि पहिल्याच ओढीत ठोकळा जागेवर बसला. ती मुलगी त्यानंतर वर्गातून उठायला तयार नव्हती. आपल्याला येत नाही असे तिने मनाशी ठरवूनच टाकले होते, आणि दोष एका झिजलेल्या कळीचा होता. कार्यालयातून आलेल्या जुन्या माउसची ही अवस्था फार आढळते. म्हणून सहा नवे, तारेचे, साधे यूएसबी माउस घ्यावेत, एखादा जास्तीचाही. मुलांच्या हाताला बसतील असे लहान आकाराचे मिळाले तर अधिक चांगले. जुन्यांपैकी जे चांगले असतील आणि ज्यांना गोल हिरवी पिन असेल, ते संगणक चालू असताना लावू-काढू नयेत. त्या प्रकारच्या पिनेसाठी आधी संगणक बंद करावा लागतो.

त्यानंतर पैसे उरले तर मेमरीचा विचार करावा. आपल्याकडच्या कोअर टू ड्युओच्या बोर्डांवर बहुधा डीडीआर २ प्रकारची मेमरी असेल, काही बोर्डांवर डीडीआर ३ असते, आणि एकीची पट्टी दुसरीच्या खाचेत बसत नाही. म्हणून आरएनटी मार्गावर सिल्व्हर मॉलमध्ये जाताना जुनी पट्टी काढून सोबत न्यावी आणि तशीच वापरलेली पट्टी मागावी. तोंडी वर्णनावर खरेदी करू नये. स्क्रॅच १.४ साठी दोन जीबी भरपूर आहेत, तेव्हा ही खरेदी पुढच्या वर्षासाठी राहिली तरी काही बिघडत नाही. एखादा संगणक सुरूच न होता नुसत्या शिट्ट्या वाजवू लागला, तर नवी पट्टी घेण्याआधी जुनी पट्टी काढून तिच्या सोनेरी दातांवर शाळेतले साधे पांढरे खोडरबर हलक्या हाताने फिरवावे, कण झटकावेत आणि ती दोन्ही कडांना ‘टक’ असा आवाज येईपर्यंत दाबून बसवावी. निम्म्या वेळा तेवढ्याने काम होते.

आणि धूळ. कार्यालयात टेबलाखाली दहा वर्षे राहिलेल्या पेटीत प्रोसेसरच्या पंख्याखाली धुळीचा अक्षरशः नमदा तयार झालेला असतो. इंदूरचा मे महिना ४० अंशांपर्यंत सहज जातो, त्यात पेटी भिंतीला चिकटून ठेवलेली असेल तर संगणक स्वतःला वाचवण्यासाठी बंद होतो आणि आपल्याला वाटते की सॉफ्टवेअर बिघडले. रंगाच्या कोरड्या मऊ ब्रशने पंखा साफ करावा, तेव्हा पंख्याचे पाते बोटाने धरून ठेवावे. हे काम गच्चीत किंवा अंगणात करावे.

आता शिकवण्याकडे येतो. चौदा मुले आणि सहा संगणक हे गणित वाईट नाही : चार संगणकांवर दोघे-दोघे आणि दोन संगणकांवर तिघे-तिघे बसतील. एकाने माउस धरायचा, दुसऱ्याने काय करायचे ते बोलून सांगायचे, आणि दर दहा मिनिटांनी जागा बदलायच्या. संगणक जास्त असते तरी मी हेच सुचवले असते, कारण नऊ वर्षांचे मूल बोलता बोलता जितका विचार करते तितका एकटे बसून करत नाही. तीन मुले बसतील ते संगणक पेंटियमचे नकोत, मोठा पडदा असेल ते असावेत.

पहिल्या दिवशी मांजर नाचवण्याऐवजी लेखणीने चौरस काढून घ्यावा असे मी सुचवतो. लेखणी खाली, चार वेळा पुन्हा करा, शंभर पावले पुढे, नव्वद अंश वळा. चौरस झाला की काहीही न सांगता त्यांना विचारावे, “आता पंचकोन काढा.” बहुतेक मुले चारचे पाच करतील आणि नव्वद तसेच ठेवतील, मग मांजर चौरसावरूनच पाचव्यांदा चालत जाईल. येथे घाई करू नये. कोणी ऐंशी करून पाहील, कोणी सत्तर, आणि रेघांची टोके जुळता जुळता राहतील. पूर्ण फेरी मारून मूळ दिशेला तोंड करायचे तर एकूण तीनशेसाठ अंश वळावे लागते हे एखाद्याच्या लक्षात येईल, तो पाचाने भागेल आणि बहात्तर म्हणेल. आपण शिक्षिका होतात, त्या क्षणी वर्गात काय होते ते मी आपल्याला सांगायला नको. त्यानंतर त्यांना बहात्तरच्या जागी त्याची दुप्पट, एकशे चव्वेचाळीस घालायला सांगावे. पडद्यावर पाच टोकांची चांदणी उमटेल, आणि ती का उमटली हे पुढच्या दिवसाचे गृहकार्य होईल. पेंटियमवर रेघा थोड्या सावकाश पडल्या तर त्या तशाच पडू द्याव्यात. कोणत्या आज्ञेने कोणती रेघ काढली हे मुलांना डोळ्यांनी दिसते.

ठोकळ्यांवरील शब्द इंग्रजीत राहू द्यावेत आणि फळ्यावर त्यांचे मराठी अर्थ कायम लिहून ठेवावेत. आठवड्याभरात मुलांना फळ्याकडे पाहावे लागत नाही. पात्रांच्या तोंडी मराठी वाक्ये घालायची असतील आणि देवनागरी अक्षरे जोडाक्षरांसह नीट दिसली नाहीत, तर ती वाक्ये रंगवण्याच्या चौकटीत माउसने लिहावीत, किंवा त्याहून चांगले म्हणजे मुलांच्याच आवाजात नोंदवावीत. रामबागेतल्या घरांत जी मराठी बोलली जाते ती त्या गोष्टींत आली तर मला फार आनंद होईल.

पहिले दोन आठवडे झाल्यावर मोठ्या, म्हणजे बारा-तेरा वर्षांच्या मुलांना टंकून आज्ञा देण्याची ओढ लागेल. त्यांच्यासाठी लोगो आहे. सिमोर पॅपर्ट, सिंथिया सॉलोमन आणि वॉली फॉयर्झाइग यांनी १९६७ मध्ये मुलांसाठी बनवलेली ही भाषा स्क्रॅचची थेट पूर्वज म्हणता येईल, आणि एमएसडब्ल्यूलोगो हे तिचे विंडोजवरील मोफत रूप आपल्याकडील अनेक शाळांच्या संगणक-पुस्तकांत वर्षानुवर्षे आहे. ते एक्सपीवर निर्वेध चालते. ज्यांना पायथन ही टंकून लिहायची भाषा हवी असेल त्यांच्यासाठी ३.४.४ ही आवृत्ती घ्यावी. एक्सपीवर चालणारी शेवटची पायथन-मालिका ३.४ हीच, तिच्यातील तयार इन्स्टॉलर असलेली शेवटची आवृत्ती ही, आणि ती सेव्हनवरही चालते, म्हणजे येथेही सहा संगणकांवर एकच आवृत्ती ठेवता येते. तिच्यासोबत येणाऱ्या टर्टल, म्हणजे आज्ञांनी रेघा काढणारे कासव, या भागात तोच चौरस आणि तीच चांदणी पुन्हा काढता येईल. एक लक्षात ठेवावे : नव्या पुस्तकांत अवतरणचिन्हाआधी एफ अक्षर लावून वाक्य छापण्याची पद्धत सर्रास दिसते, ती ३.६ मध्ये आली. तसा कार्यक्रम मुलांनी उतरवून घेतला तर येथे चूक दाखवली जाईल आणि मुलाला ती आपली चूक वाटेल. अशा ठिकाणी एफ काढून शब्द स्वल्पविरामाने वेगळे छापायला सांगावे.

एखाद्या मुलाला क्लोनवाचून चालेनासे झाले, म्हणजे आकाशातून पन्नास आंबे पाडायचे असले, तर कोअर टू ड्युओच्या संगणकावर स्नॅप हे अमेरिकेतील बर्कली विद्यापीठाचे, स्क्रॅचसारखेच ठोकळ्यांचे सॉफ्टवेअर वापरून पाहता येईल. ते ब्राउझरमध्ये चालते, पण चित्र काढण्यासाठी त्याला वेबजीएल लागत नाही, आणि त्याचे सगळे फोल्डर एकदा उतरवून घेतले की ते इंटरनेटशिवाय उघडते. वर्गाची सुरुवात मात्र त्याने करू नये. त्यातील ठोकळ्यांची संख्या पाहूनच लहान मुले बिचकतात.

आपल्याला कोणी लिनक्स, म्हणजे विंडोजऐवजी वापरता येणारी मोफत प्रणाली, बसवण्याचा सल्ला देईल. तो सल्ला चांगला आहे, पण या मे महिन्यासाठी नाही. चालू असलेली चार विंडोज पुसून नवी प्रणाली बसवताना एखादा प्रिंटर, एखादा आवाज, एखादा पडदा रुसतो आणि वर्गाचे दिवस त्यातच जातात. जूनमध्ये एका कोअर टू ड्युओवर पेनड्राइव्हवरूनच लिनक्स सुरू करून पाहावे, त्यासाठी डिस्कवर काहीही बसवावे लागत नाही. सर्व ठीक वाटले तर मग कायमचे करावे. त्यात केटर्टल हे कासवाच्या आज्ञांचे आणि जीकाँप्री हे लहान मुलांच्या खेळांचे सॉफ्टवेअर मोफत मिळते. पेंटियम फोरचे दोन संगणक बहुधा ३२ बिटांचे, म्हणजे जुन्या बांधणीचे, असतील. त्यांच्यासाठी निवड आता कमी होत चालली आहे, ऑगस्ट २०२५ च्या डेबियन १३ या लिनक्सच्या आवृत्तीने तर ३२ बिटांच्या संगणकांसाठी स्वतंत्र इन्स्टॉलर देणेच थांबवले. ते दोन एक्सपीवरच, इंटरनेटविना, सुखाने राहू द्यावेत.

मुले आपले काम घरी कसे नेतील हा प्रश्न शेवटच्या आठवड्यात येईलच. आपण वर्गाच्या पेनड्राइव्हवरील फायली नातवाच्या लॅपटॉपवर घेऊन तेथून पालकांच्या मोबाइलवर पाठवाव्यात. एसबी प्रकारची फाइल घरच्या नव्या स्क्रॅचमध्ये उघडेल. प्रत्येक फाइलला मुलाचे नाव आणि तारीख देण्याची सवय पहिल्या दिवसापासून लावावी, आणि वीज केव्हाही जाऊ शकते म्हणून जागा बदलताना दर वेळी काम साठवूनच उठायचे, असा वर्गाचा नियम करावा.

वर्ग सुरू होण्याआधीच्या रविवारी, दुपारच्या ऐन उन्हाच्या वेळी, सहाही संगणक एकदम सुरू करून त्यांच्यावर स्क्रॅचमध्ये न थांबणारी चांदणी काढत ठेवावी आणि दोन तास तसेच चालू द्यावेत. सगळे एकाच एक्स्टेन्शन बोर्डावर जोडलेले नसावेत, दोन वेगळ्या भिंतीच्या सॉकेटांतून वीज घ्यावी, आणि बोर्ड हाताला गरम लागतो का ते मधूनमधून पाहावे. एखादा संगणक बंद पडला तर तो किती वेळाने पडला ते लिहून ठेवावे. पुन्हा सुरू केल्यावर तो तितक्याच वेळाने पडत असेल, तर पंखा किंवा प्रोसेसरवरील उष्णता वाहून नेणारा, वाळलेला लेप पाहायला हवा. केव्हाही अवचित पडत असेल, तर मेमरीची पट्टी काढून खोडरबर फिरवावे, आणि तरीही पडतच राहिला तर वीजपुरवठ्याची पेटी तपासून घ्यावी. ही नोंद मला पाठवलीत, तर पुढचे मी कळवीन.